गोधडीखालचं बोलणं

कुमुद पेडणेकर गेली तेव्हा चाळीत कोण तरी म्हणालं, चाळीची तिजोरी गेली. मी म्हणालो, तिजोरी गेली ती गेली, चावी पण घेऊन गेली. माझ्या बायकोचं शेवटचं बोलणं या बाईच्या पोटात होतं. मी मागितलं. गोडीने मागितलं, शिव्या देऊन मागितलं. बाईने दिलं नाही.

त्या बाईवर मला लिहायचंय. मी चौथी शिकलेला माणूस. आधी गिरणीत साचेवाला होतो, माग चालवायचो. गिरणी बंद पडली, तिच्या जागेवर टॉवर झाला, त्याच टॉवरखाली वॉचमन म्हणून बसलो. लिहायची सवय नाही. हे मी बाईच्याच कॉम्प्युटरला सांगतोय, तो लिहितोय. फरक एवढाच की बाई गोधडीत शिरून बोलायची, मी खिडकी उघडी ठेवून बोलतो. ज्याला ऐकायचं त्याने ऐकावं.

करी रोडला आमच्या गॅलरीत शेवटची खोली तिची. एका बाजूला जिना, दुसऱ्या बाजूला तावडे, तावड्यांच्या पलीकडे आम्ही. बाई म्हणजे काळीसावळी, ठेंगणी, डोळ्यांवर जाड भिंगं. लग्न केलं नाही. हातात बांगडी कधी घातली नाही, टाइप करताना खुळखुळते म्हणून. भोईवाड्याच्या कोर्टाबाहेर फुटपाथवर टेबल टाकून तिने मराठी टाइपरायटर बडवला तो जवळजवळ सगळा जन्म. अर्ज, प्रतिज्ञापत्र, काडीमोड, भाडेकरूची भांडणं. समोर स्टूल असायचं, पण त्याचं तोंड भिंतीकडे. माणूस बसला की त्याला रस्ता दिसायचा नाही. बाई म्हणायची, "रस्त्याकडे तोंड करून माणूस खोटं बोलतो. लोक बघतायत ना, मग तो लोकांसाठी बोलतो."

तिचा एक कायदा होता. आधी सगळं ऐकायचं, मध्ये टाइप नाही. मग टाइप. मग कानाशी तोंड नेऊन हळू आवाजात वाचून दाखवायचं. "ऐकल्याशिवाय सही नाही," म्हणायची. वकील उभा असला तरी ऐकायची नाही. बायका आपलंच बोलणं परत ऐकताना रडायच्या. बाई थांबायची, रुमाल द्यायची नाही, पाठ थोपटायची नाही. रडणं झालं की पुढची ओळ.

आणि कार्बन. टाइप केलेल्या कागदाखाली जो कार्बन असतो ना, त्यावर अक्षरं राहतात. उजेडाला धरला की वाचता येतो. बाकीचे टाइपवाले तो चार चार वेळा वापरायचे, मग फेकायचे. बाई वापरलेले कार्बन पिशवीत घालून घरी आणायची आणि स्टोव्हवर धरून जाळायची. गॅलरीभर वास. माझी बायको सुलोचना म्हणायची, "इलो बग वास. लोकांचे संसार जळतत हिच्या स्टोव्हार." बाई आतून ओरडायची, "जळू दे गं सुलोचने. इथलं इथेच."

इथलं इथेच. हे तिचं पालुपद. कुणी नळावर दुसऱ्याच्या घरातलं विचारलं की हेच. कुणाची पोरगी पळाली, कुणाचा मुलगा जामिनावर सुटला, बाईला सगळं ठाऊक आणि तोंडावरची माशी हलायची नाही. चाळीत अशा माणसाचा लोकांना राग येतो. मलाही यायचा.

मग बोटं गेली. संधिवात. एकेक बोट तिरकं होत होत हात कोंबडीच्या पायासारखा झाला. टाइपरायटरचं बटण दाबलं की डोळ्यांत पाणी. कोर्टाबाहेरचं टेबल उचललं. लोकांना वाटलं, संपलं बाईचं. बाई मला म्हणाली, "राणे, उद्या लालबागला चला. सामान उचलायला माणूस पाहिजे."

कॉम्प्युटरचं दुकान होतं. दुकानवाला शहाणा. म्हणाला, "बाई, खर्च कशाला? फोनमध्ये फुकट आहे. बोलायचं, लिहून येतं."

"मी बोललेलं आधी कुठे जातं?"

"कुठे म्हणजे? सर्व्हरला जातं, तिथून लिहून परत येतं."

"हा सर्व्हर राहतो कुठे?"

"राहत नाय हो बाई. असतो कुठेतरी. परदेशात वगैरे."

"म्हणजे करी रोडची सून सासूबद्दल बोलणार, ते आधी परदेश फिरून येणार, मग कागदावर बसणार."

दुकानवाला हसला. बाई हसली नाही. म्हणाली, "मला असं द्या की बोललेलं पेटीच्या बाहेर जाणार नाही." तो म्हणाला, तसं पण असतं, पेटीतच ऐकतो, पेटीतच लिहितो, नेट लागत नाही. बाईने त्याला नेटची वायर उपटायला लावली. वायर त्याच्या हातात लोंबकळत ठेवून म्हणाली, "आता बोला." तो म्हणाला, "एक दोन तीन, माइक टेस्टिंग." पडद्यावर तसंच उमटलं. मग बाईने पेटीला तेच वाचायला लावलं. आतून एका बाईचा सपाट आवाज आला, एक दोन तीन. बाई म्हणाली, "आवाज साठवून ठेवतो का हा?" तो म्हणाला, ठेवायचा तर ठेवतो, नाही तर नाही. "नाही," बाई म्हणाली. पेटी मी खांद्यावरून आणली.

पहिले दिवस गंमतच होती. पेटीला स्वल्पविराम, पूर्णविराम सगळं तोंडाने सांगावं लागतं. बाईच्या तोंडात ते इतकं बसलं की नळावर तावडेबाईशी भांडताना पण निघायला लागलं. "तुझी बादली मागे घे पूर्णविराम. माझा नंबर आधी आहे पूर्णविराम. नवीन परिच्छेद." तावडेबाई भांडण विसरून हसत सुटली. नंतर गॅलरीतली पोरं भांडली की शेवटी "नवीन परिच्छेद" म्हणून पळायची.

पण बाई एक गोष्ट विसरली. पेटी गुप्त होती. चाळ नव्हती. आमच्या खोल्यांच्या मधे लाकडी पार्टिशन. शेजारी शिंकला की आपण "शतं जीव" म्हणायचं. टाइपरायटर नुसता खडखड करायचा, त्यातून कुणाला काय कळणार? आता बाई स्पष्ट उच्चार करून, एकेक शब्द सुटा करून, अर्जदार अमुक, तिचा नवरा तमुक, मोठ्याने बोलत होती. सगळा जन्म ओठ शिवून बसलेली बाई, आणि आपल्या तोंडाने कुणाचं तरी घर पार्टिशनपलीकडे ओतत होती, आणि तिला पत्ता नाही. नेटच्या वायरीकडे लक्ष. फळीकडे लक्ष नाही.

तावडे सकाळी नळावर म्हणाला, "काय बाई, भोईवाड्याच्या त्या मास्तरणीचा नवरा दारू पिऊन केस धरतो म्हणे? शिकलेल्यांच्यात पण असतं का असं?"

बाईची कळशी भरून वाहत होती. तिने ती उचललीच नाही. तशीच चप्पल घालून निघाली, भोईवाड्याला, त्या मास्तरणीकडे. मी ड्युटीवर जाताना सोबत होतो, खाली थांबलो. वर जाऊन बाईने स्वतःच सांगितलं, माझ्या तोंडून गेलं. मास्तरीण जिन्यापर्यंत आली. ओरडली नाही. म्हणाली, "मला वाटलं होतं मशीन गुपित फोडेल. तुम्ही फोडलंत."

बाई घरी आली. पेटीवर फडकं टाकलं ते कित्येक दिवस काढलं नाही. जेवण पण नीट करत नव्हती. शेवटी सुलोचना तिच्या खोलीत जाऊन बसली.

"यंत्राचा तोंड बांधलंस, आणि तुझा कोण बांधतलो?"

"तेच तर."

"तेच तर करीत बसू नको. माझ्याकडे जुनी लुगडी आसत."

सुलोचनेने गोधडी शिवली. वर तिचं हिरवं लुगडं, खाली लग्नातलं विटकं, मधे माझं गिरणीच्या वेळचं घोंगडं. शिवून झाल्यावर परीक्षा. बाई माइक घेऊन गोधडीत, सुलोचना तावड्यांच्या घरात फळीला कान लावून. "येता, अजून ऐकाक येता!" मग आणखी एक थर. परत परीक्षा. तावडेबाई पण कान लावून उभी, तिला तर हेच पाहिजे होतं. चौथ्या की पाचव्या थराला सुलोचनेचा आवाज आला, "आता नाय. आता नुसती भुणभुण. माशी आसा म्हणान सांगूक येयत."

त्या दिवसापासून बाई गोधडीत. मे महिन्यात सुद्धा. आत दहा मिनिटं बोलायची, बाहेर यायची ती भांड्यातून काढलेल्या इडलीसारखी वाफाळत. माणूस बाईच्या कानात सांगायचा, बाई आत जाऊन पेटीला सांगायची, मग वाचून दाखवायच्या वेळी दोघं आत, पेटीचा आवाज बारीक. कागद छापून हातात दिला की त्याच्या देखत पेटीतलं पुसायचं, पेटीतली कचऱ्याची बादली असते ती पण रिकामी करायची. "बघितलंत? इथलं इथेच." दाराबाहेर सुलोचना सूप घेऊन तांदूळ निवडत बसायची. कुणी रेंगाळलं की, "काय रे, तुझो नंबर लागलो काय?" माणूस पळायचा.

आमच्या मागच्या चाळीतली दीपाली म्हणून सून होती. तिला किती मार पडतो ते सगळ्या वाडीला ऐकू यायचं आणि सगळी वाडी टीव्हीचा आवाज वाढवायची. ती एकदा भर दुपारी भाजीची पिशवी घेऊन बाईकडे शिरली. अर्ज झाला. दोन दिवसांनी तिचा नवरा आला.

"काय लिवलंय तिने?"

"कुणी?"

"माझ्या बायकोने."

"तुझी बायको कोण?"

"ओ म्हातारे, नाटक नको. चालू कर तो डबा."

बाईने चालू करून दिला. खुर्ची पण दिली. तो शोधत बसला. याच्यात बघ, त्याच्यात बघ. पेटीत सुट्टीच्या दिवशी शाळेत असावं तसं सगळं रिकामं. बाई शेजारी उभी राहून म्हणाली, "शोध. सापडलं तर मला पण वाचून दाखव."

त्याने पडदा उचलून आपटला. तडा गेला, तो अजून आहे, आत्ता माझ्यासमोर आहे. मी टॉवरची काठी घेऊन दारात उभा राहिलो होतो. त्याने माझ्याकडे बघितलं, बाईकडे बघितलं. बाई म्हणाली, "अर्ज सकाळीच कोर्टात गेलाय बाबा. तू डबा फोडतोयस." तो गेला. दीपाली सुटली, माहेरी कणकवलीला गेली. मी बाईला विचारलं, काय होतं हो अर्जात? म्हणाली, "राणे, तुम्ही पण शोधा."

तेव्हा मी हसलो होतो.

सुलोचनेच्या घशात काहीतरी टोचायचं. आम्ही मीठपाणी केलं, हळद केली. परळच्या मोठ्या इस्पितळात नेलं तेव्हा डॉक्टर म्हणाला, स्वरयंत्र काढावं लागेल. म्हणजे जीव राहील थोडा, आवाज राहणार नाही. मी म्हणालो, राहील किती? तो कागदावर ऑपरेशनची तारीख लिहायला लागला. घरी येताना सुलोचना काही बोलली नाही. बोलायला थोडेच दिवस उरलेले, आणि ती गप्प. मला वाटलं, घरी गेल्यावर बोलेल माझ्याशी.

दुसऱ्या दिवशी जेवण झाल्यावर म्हणाली, "तुमी खाली जावन बसा."

"का?"

"कुमुदताईकडे काम आसा."

मी खाली ओट्यावर बसलो. वरती बाईच्या खोलीची खिडकी बंद झाली. मला वाटलं, गावच्या जमिनीचं काही असेल, भावांना लिहायचं असेल. त्या दिवशी दाराबाहेर तांदूळ निवडायला कुणी नव्हतं. निवडणारी आत होती. ऑपरेशनच्या आदल्या दिवसापर्यंत रोज दुपारी हेच. संध्याकाळी वर गेलो की सुलोचनेचे केस घामाने कपाळाला चिकटलेले, चहा ठेवलेला, आणि माझ्याशी बोलणं म्हणजे दूध आणलं काय, पाणी गेलं काय. एकदा विचारलं, काय लिहितेस गो? म्हणाली, "मी खंय लिवतंय. मी सांगतंय, ताई सांगता, ता लिवता. ह्या मेल्याक माझी भाषा कळणा नाय. ताईक परत कागदी मराठीत सांगूचा लागता." आणि हसली. तो आवाज आधीच चिरका झाला होता.

ऑपरेशन झालं. गळ्याला भोक. त्यातून श्वास यायचा, शब्द नाही. मला हाक मारायची तर टाळी वाजवायची. पुढचा शिमगा तिने बघितला नाही.

कार्य आटपलं, गावची माणसं गेली, तसा मी बाईच्या दारात गेलो.

"बाई, द्या."

"काय?"

"तिने सांगितलेलं."

बाईने पेटीकडे बघितलं सुद्धा नाही. "ते तिने ऐकून घेतलं आणि पुसायला लावलं. छापायला पण दिलं नाही."

"डोक्यातून तर पुसलं नाही ना तुमच्या?"

"पुसता आलं असतं तर पुसलं असतं, राणे."

"ती मेली आता. कुणाचं काय बिघडणार आहे?"

"जिवंत माणूस येऊन भांडू शकतं, माझं का सांगितलंस म्हणून. मेलेलं येऊ शकत नाही. म्हणून त्याचं जास्त जपायचं."

मी तिला नको ते बोललो. संसार न केलेली, दुसऱ्यांच्या संसारावर जगलेली, असलं पुष्कळ. बाईने ऐकून घेतलं, फुटपाथवर ऐकायची तसं, मधे न बोलता. माझं झाल्यावर म्हणाली, "झालं? चहा घेणार?" मी घेतला नाही. मग गॅलरीत समोर आली की मी तोंड फिरवायचो. घरात मी एकटा, मध्ये तावड्यांचा टीव्ही, आणि त्याच्या पलीकडे माझ्या बायकोचं सगळं बोलणं माहीत असलेली एक बाई भात शिजवतेय. हे सोसणं सोपं नव्हतं. पत्र असतं तर चोरलं असतं. फळीतून आवाज येतो तसं तिच्या कवटीतून काही येईल म्हणून मी गॅलरीत कान देऊन बसायचो. नुसती भुणभुण यायची, दुसऱ्याच कुणाच्या अर्जाची.

मग ती भुणभुण पण बंद झाली. खोकला यायला लागला. खोकल्याच्या आवाजावर किती दिवस तोंड फिरवणार? एका सकाळी पेज करून नेली. बाईने डबा घेतला. म्हणाली, "मीठ कमी आहे." तेवढ्यावर आमचं भांडण मिटलं, म्हणजे मिटवायला आणखी काही बोललो नाही.

बाई गेल्यावर तिचा भाचा डोंबिवलीहून आला, कपाट आणि भांडी नेली, तडा गेलेली पेटी कुणाला नको होती. मी घेतली. लालबागच्या दुकानवाल्याला घरी आणलं. म्हटलं, बघ, कुठे एखादा शब्द राहिलाय का. एखादा उसासा. तो बराच वेळ खटपट करून म्हणाला, "काका, बाईने आवाज कधी साठवलाच नाही. आणि पुसायच्या बाबतीत बाई लय पक्की होती." मी म्हणालो, ठाऊक आहे.

पण हे नंतरचं. बाईला मी शेवटचं बघितलं ते इस्पितळात, बायकांच्या वॉर्डात, दुपारच्या भेटीच्या वेळेला. तिने निरोप पाठवला होता, गोधडी घेऊन या. सिस्टर म्हणाली, बाहेरचं पांघरूण चालत नाही. मग बाईच्या अंगातली थंडी बघून म्हणाली, राहू दे. मी पाय झाकले, पोट झाकलं. हिरवं लुगडं वर आलं.

स्टूल होतं. मी बसलो तो भिंतीकडे तोंड करून बसलो, मुद्दाम नाही, जागाच तशी होती.

म्हणालो, "बाई, तुम्ही पण निघालात. आता तरी सांगा. वाईट असलं तरी चालेल. माझ्याबद्दल वाईट असलं तरी चालेल."

बाईने पाणी मागितलं. मी चमच्याने दिलं. श्वास लागला होता, थांबून थांबून बोलली.

"तिने सगळं दोनदा वाचून घेतलं."

"बरं."

"रडली नाही."

"बरं."

"एका ठिकाणी हसली."

"कुठल्या ठिकाणी?"

बाई माझ्याकडे बघत राहिली. भिंगं काढून ठेवलेली, त्यामुळे डोळे लहान दिसत होते. सांगेल असं वाटलं. मी तोंडाजवळ कान नेला. तिची ती वाकडी बोटं गोधडीच्या काठावर आली, काठ पकडायला त्यांना वेळ लागला. मग तिने गोधडी हळूहळू वर ओढली, गळ्यावरून, हनुवटीवरून, आणि डोक्यावरून घेतली.

मी वाट बघितली. भेटीची वेळ संपली म्हणून वॉर्डबॉय ओरडत गेला. सुलोचनेचं हिरवं लुगडं बाईच्या तोंडाच्या जागी थोडं आत जात होतं, थोडं बाहेर येत होतं.